पारोळ्याची बोली आणि मोबाइलवरील इंटरनेट

जळगाव व धुळे यांना जोडणाऱ्या हमरस्त्यावरील पारोळा गावी व भोवतालच्या खेड्यांत शाळा-कचेरीची भाषा मराठी, तर घरोघरची अहिराणी होय. मोबाइलवरील इंटरनेटचा इतिहास सामान्यतः वेग व दर यांच्या आकड्यांनी सांगितला जातो. लेखनपरंपरा तुटपुंजी असलेल्या बोलीच्या बाजूने पाहिल्यास त्याचे टप्पे निराळे पडतात.

भारतात मोबाइलवरील पहिले संभाषण ३१ जुलै १९९५ रोजी झाले. इंटरनेट जनतेस खुले झाले ते त्याच वर्षीच्या १५ ऑगस्टला. ही दोन्ही एका यंत्रात येऊन खेड्यापर्यंत पोचेतो लेखी निरोपाचे साधन म्हणजे एसएमएस, आणि लिपीचा प्रश्न प्रथम उद्भवला तो तेथेच. एका संदेशात रोमन चिन्हे १६० मावत, देवनागरी अवघी ७०. कारण रोमन चिन्हास ७ बिट पुरत, देवनागरीस १६ लागत. त्यातही काना, मात्रा व हलन्त यांची गणना वेगळी. 'पारोळ्याला' या चार अक्षरांच्या शब्दाची अशी दहा चिन्हे होतात! युनिकोडमध्ये देवनागरी १९९१ पासूनच होती. परंतु कित्येक यंत्रांवर तिच्या जागी चौकोनच उमटत. साहजिकच मराठी रोमनमध्ये लिहिली जाऊ लागली आणि 'ळ' व 'ल' एक झाले. अहिराणीची हानी येथे थोडी कमी म्हणावयाची, कारण मराठी 'ळ'चा तिच्यात पुष्कळदा 'य' होतो. 'डोळा' तेथे 'डोया' असतो.

खरा पालट लिपीने नव्हे, ध्वनीने घडविला. व्हॉट्सॲपवर आवाजी निरोपाची सोय २०१३ साली झाली. सप्टेंबर २०१६ मध्ये जिओची सेवा सुरू होऊन डेटाचे दर कोसळले, व पुढल्याच वर्षी कळांच्या साध्या फोनवरही ४जी इंटरनेट आले. ज्यास 'माले', 'तुले' कसे लिहावे याचा संकोच होता, त्याला आता लिहिण्याचेच कारण उरले नाही. अहिराणी गाणी व विनोदी प्रसंग यूट्यूबवर खानदेशाबाहेर, सुरतेस गेलेल्या कुटुंबांपर्यंतही पोचले.

ग्रिअर्सनच्या भाषासर्वेक्षणाने १९०७ साली खानदेशीचे नमुने भिल्ल भाषांच्या खंडात छापले. २०११ च्या जनगणनेत खानदेशीभाषकांची नोंद सुमारे १८ लाख ६० हजार आहे. एवढ्या लोकांच्या सहज बोलण्याचा असा साठा पूर्वी कधी झाला नव्हता. मात्र त्यातील आवाजी निरोप खाजगी असतात, आणि फोन बिघडला अथवा बदलला की बहुधा त्याच्याबरोबरच जातात.