पेट्रोलची मोटार विजेवर येते

वाचकहो, उमरीच्या शिवारातल्या जुन्या माणसांना विचारा, विहिरीवरचे ऑईल इंजिन सुरू करणे म्हणजे काय असे! हँडल मारता मारता खांदा भरून येई. पुढे वीज आली, बटण दाबले की मोटर फिरू लागली. विहिरीवर जे झाले तेच आज मोटारगाडीत होत आहे. पण गंमत अशी, की मोटारगाडीत वीज ही नवी पाहुणी नव्हे. ती फार पूर्वी येऊन, हरून परत गेली होती.

१८९९ सालची गोष्ट. झेनात्झी नावाच्या बेल्जियन गृहस्थाने २९ एप्रिल रोजी पॅरिसजवळ आपली गाडी ताशी १०५ किलोमीटरहून अधिक वेगाने पिटाळली. ताशी शंभराचा पल्ला ओलांडणारी ही जगातली पहिली मोटार, आणि ती विजेवर चालत होती! मग ती मागे का पडली? शिशाच्या बॅटऱ्या अवजड, त्यांत शक्ती साठायची थोडी. पेट्रोलची टाकी मात्र चार मिनिटांत भरते. पेट्रोलगाडीची मोठी अडचण म्हणजे हँडल. १९१२ साली कॅडिलॅक गाडीत केटरिंग यांनी ते काम एका लहान विजेच्या मोटरीवर सोपवले. म्हणजे विजेच्या गाडीला मागे सारायला विजेचीच मदत झाली.

शतकभराने पारडे फिरले. हलक्या लिथियम बॅटऱ्या निघाल्या. इंग्लंडची जग्वार ई-टाईप ही १९६१ साली बाहेर पडलेली, रूपाला आणि वेगाला नावाजलेली गाडी. ती करणारी कंपनी २००८ साली मुंबईच्या टाटा मोटर्सने विकत घेतली. याच कंपनीने २०१७ साली, १९६८ची एक ई-टाईप विजेवर आणून दाखवली. सहा सिलिंडरांचे इंजिन काढले आणि त्याच जागी जवळजवळ त्याच मापाची बॅटरी बसवली. तिच्यात वीज मावते ४० युनिट. गिअरबॉक्सच्या जागी आली २२० किलोवॅटची मोटर, म्हणजे आपल्या पाच अश्वशक्तीच्या सुमारे साठ पंपांचे बळ! गाडीचा तोल पूर्वीचाच राहिला, वजन मात्र ४६ किलोंनी घटले. उभ्या गाडीने ताशी ९६ किलोमीटर गाठायला साडेपाच सेकंद पुरले. मूळ गाडीपेक्षा सुमारे एक सेकंद कमी.

हे कशाने झाले? पेट्रोल इंजिनाला आधी फेरे वाढवावे लागतात, मग जोर येतो. विजेची मोटर पहिल्या फेऱ्यापासून पूर्ण जोर लावते. चिखलात रुतलेली गाडी खांदेकरी बैल एका हिसक्यात काढतो ना, तशी.

म्हणून कोणी घरच्या अंगणात जुनी गाडी उघडून बसू नये, बरं का! या बॅटरीचा झटका जीवघेणा असतो. आपल्या देशात असा बदल करायचा तर तपासून मंजूर झालेला संचच बसवावा लागतो आणि परिवहन कार्यालयात नोंद करावी लागते. पुण्याची एआरएआय ही संस्था अशी तपासणी करते. आणखी एक ध्यानात ठेवावे. गाडीचा धूर थांबला, तरी परळीच्या केंद्रात वीज कोळशावरच होते. धूर संपला की दूर गेला, हे वीज कशापासून होते त्यावर ठरते.

शिक्षकबंधूंनी मुलांना हा इतिहास जरूर सांगावा. एकदा मागे पडलेली कल्पना कायमची मेली असे नव्हे. तिच्यातली उणीव कोणी भरून काढली, की ती परत येते. ती उणीव हुडकणारा मुलगा किंवा मुलगी आपल्याच वर्गात बसलेली असेल.