विजया मुळे यांची पडद्यावरची शाळा

दूरदर्शन एकुलते एक होते त्या काळात वाढलेल्या पिढीला ‘एक अनेक और एकता’ हा छोटा कार्टूनपट आजही आठवतो. धाकट्या भावाला समजावून सांगणारी त्यातली ताई लोकांच्या लक्षात राहिली. पण तो दिग्दर्शित करणाऱ्या बाई मराठी होत्या, हे आपल्यापैकी किती जणांना ठाऊक आहे? काम हिंदीत झाले, म्हणून मराठीच्या खतावणीत त्याची नोंदच झाली नाही.

विजया मुळे यांचा जन्म १९२१ साली मुंबईचा. लग्नानंतर त्या पाटण्याला गेल्या. पुढे १९४६ साली शिष्यवृत्ती मिळवून शिक्षणशास्त्र शिकण्यासाठी त्या इंग्लंडमधील लीड्स विद्यापीठात दाखल झाल्या. परतल्यावर शिक्षण खात्यातील नोकरी आणि चित्रपटाचे वेड त्यांनी बरोबरीने सांभाळले. पाटणा व दिल्ली येथील फिल्म सोसायट्यांत त्या अग्रभागी होत्या. १९५९ साली सत्यजित राय यांच्या अध्यक्षतेखाली देशातील फिल्म सोसायट्यांचा महासंघ स्थापन झाला, त्यातही त्यांचा वाटा होता. १९६७ साली त्यांनी ‘द टायडल बोअर’ हा अनुबोधपट केला.

‘एक अनेक और एकता’ १९७४ सालचा. चित्रे व ॲनिमेशन भीमसेन यांचे, संगीत आपल्या वसंत देसाईंचे. त्याला सर्वोत्कृष्ट शैक्षणिक चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. शिक्षकाने पाहावे असे त्यात बरेच आहे. ‘अनेक’ हा शब्द मुलाला अडतो. ताई व्याख्या सांगत बसत नाही. ती आकाशाकडे बोट दाखवते. मग जाळ्यात सापडलेली पाखरे, जाळ्यासकट त्यांनी घेतलेली झेप आणि जाळे कुरतडणारे उंदीर, ही पंचतंत्रातील जुनी गोष्ट येते. उपदेश गोष्टीच्या पोटात दडलेला असल्यामुळे तो मुलाला टोचत नाही.

लगेच पुढे मोठी कसोटी आली. १ ऑगस्ट १९७५ ते ३१ जुलै १९७६ या वर्षभरात उपग्रहाद्वारे सहा राज्यांतील सुमारे २,४०० खेड्यांत दूरचित्रवाणी पोहोचविण्याचा ‘साइट’ हा प्रयोग झाला. उपग्रह अमेरिकेचा होता, कार्यक्रम आपले. आंध्र प्रदेशही त्या सहांत होता. सकाळचे कार्यक्रम शाळकरी मुलांसाठी असत. त्यांच्यासाठी चित्रपट तयार करण्याची जबाबदारी विजयाबाईंच्या नेतृत्वाखालील शैक्षणिक तंत्रज्ञान केंद्राकडे होती. हिंदी, तेलुगू, कन्नड आणि ओडिया या चार भाषांतील मुले डोळ्यांसमोर ठेवायची होती. अशा वेळी काढलेल्या चित्राची सोय कळते. माणसे घेऊन केलेल्या चित्रीकरणात पेहराव, घर, बोलण्याची ढब लगेच मुलूख सांगून जातात. काढलेले पाखरू मात्र तेलुगूत बोलले तरी उपरे वाटत नाही. पुढे विद्यापीठ अनुदान आयोगाच्या दूरचित्रवाणी कार्यक्रमांसाठीही त्यांनी काम केले. २०१९ साली दिल्लीत त्यांचे निधन झाले.

हे सारे आदिलाबादच्या वाचकांपुढे मांडण्याचे कारण आहे. आपली मुले घरी मराठी, बाजारात तेलुगू आणि शेजारच्या गुड्यात गोंडी ऐकतात. मुलगा तेलुगू माध्यमात गेला की तो मराठीला मुकला, असे म्हणणारे पालक पैनगंगेच्या या तीरावर गावोगाव भेटतात. त्यांची काळजी खोटी नाही. घरात वाचन थांबले, आजीच्या गोष्टी थांबल्या, तर भाषा खरोखरच जाते. पण दुसरी भाषा शिकल्याने ती जात नाही. विजयाबाईंच्या कामाचा मोठा भाग मराठीबाहेर झाला, म्हणून त्या आपल्या नाहीत असे कोण म्हणेल?

शाळेत हा चित्रपट जरूर दाखवावा. नंतर तीच पाखरांची गोष्ट एका मुलाने मराठीत, दुसऱ्याने तेलुगूत आणि तिसऱ्याने गोंडीत सांगावी. ज्याला ती दोन भाषांत सांगता येईल, त्याच्या पाठीवर थाप द्यावी.