श्वेतांबरी

परवा नात आली होती. चित्रकला शिकते. बोलता बोलता सहज म्हणालो, "हुसेनचं 'श्वेतांबरी' मी बघितलंय." ती उडालीच! "आजोबा, खरंच? सांगा ना!"

आणि माझी पंचाईत झाली.

1992 सालची गोष्ट. मी आणि सौ. पनवेलहून एसटीने मुंबईला गेलो होतो. एवढं नाव गाजतंय म्हणून काळ्या घोड्याजवळच्या जहांगीर आर्ट गॅलरीत शिरलो. बघतो तर एकही चित्र नाही! जिकडेतिकडे पांढरं कापड आणि जमिनीवर फाडलेली वर्तमानपत्रं. सौ. म्हणाली, "अहो, एवढी रद्दी तर आपल्याही घरी आहे!" आम्ही पाच मिनिटांत बाहेर. पुढे कित्येक वर्षं शिक्षकांच्या खोलीत हा किस्सा सांगून मी हशा मिळवला.

पण हा माणूस तसा भोंदू नव्हता हो. आपल्या पंढरपूरचा जन्म. मुंबईत सिनेमाची पोस्टरं रंगवून पोट भरलेला. 1967 साली फिल्म्स डिव्हिजनने त्याच्या हाती कॅमेरा दिला. तेव्हाचे सरकारी माहितीपट म्हणजे अखंड निवेदन! याने राजस्थानात जाऊन निवेदनाशिवाय छत्री, कंदील, जोडा अशा वस्तू नुसत्या दाखवल्या. त्या छोट्या चित्रपटाला बर्लिनला सुवर्ण अस्वल मिळालं. 'श्वेतांबरी'च्याच वर्षी कोलकात्यात त्याने लोकांसमोर देवींची चित्रं रंगवली आणि शेवटी स्वतःच त्यांवर पांढरा रंग फासला.

आता वाटतं, गॅलरीत आपण भिंतीवरचं चित्र शोधतो आणि त्याखालची किंमत वाचतो. त्या दिवशी विकत घेण्यासारखं, घरी नेऊन टांगण्यासारखं काहीच नव्हतं. ज्याची चित्रं सर्वांत जास्त खपत होती, त्यानेच दुकान रिकामं ठेवलं! अर्थात, हे त्याला परवडत होतं, हेही खरं. एखाद्या नवख्याला कोणी ते दालन दिलं असतं का?

पण असं काम मागे उरत नाही. उरतं ते बघणाऱ्याच्या डोळ्यांत. आणि मी बघणारा कसला? कापड कसं टांगलं होतं, कागद पायाखाली वाजत होते का, नात एकेक विचारत होती. मला आठवत होता फक्त माझा विनोद.

असो. तिला खरं ते सांगितलं. ती हसली, पण जरा हिरमुसलीच.