बोलणी करायला या!

आमच्या बुलढाणा जिल्ह्यात मेहकरला शारंगधर बालाजीची मूर्ती आहे. अखंड काळ्या पाषाणाची, माणसाच्या दुप्पट उंचीची. ती 1888 साली जमीन खणताना सापडली. कुणीतरी कधीतरी देव जमिनीत दडवला आणि तो परत वर काढायला दडवणाऱ्यांपैकी कुणी उरलंच नाही. दर्शनाला उभं राहिलं की मला देवापेक्षा ती दडवणारी माणसं आधी आठवतात. त्यांची ती रात्र कशी गेली असेल?

तशा एका रात्रीचा माग पुढे गोव्यात लागला. फातर्प्याच्या देवळातल्या देवीला शांतादुर्गा कुंकळ्ळीकरीण म्हणतात. राहते फातर्प्याला, म्हणवते कुंकळ्ळीची. तिने गाव का सोडलं, याची गोष्ट 1583 सालच्या जुलैत घडली. ती फार लवकर, म्हणजे पहिल्याच रक्तापाशी थांबवून सांगतात. त्यामुळे इथे घटनाक्रम थोडा पुढेपर्यंत नेला आहे.

चाळीस वर्षं आधी

1543 साली साष्टी आणि बारदेश हे दोन महाल आदिलशाहीकडून पोर्तुगीजांकडे गेले. साष्टीच्या दक्षिण टोकाला, साळ नदीच्या आसपास, पाच गावं होती: कुंकळ्ळी, वेरोडा, असोळणा, वेळ्ळी आणि आंबेली. कुंकळ्ळीत गावकरांची बारा वांगडं, म्हणजे बारा कुळं. जमीन गावकीची, बांध-बंधारे गावकीचे, भाताचा हिशेब गावकीचा, आणि हे सगळं देवळाशी बांधलेलं. देऊळ पाडलं की नुसती मूर्ती जात नव्हती. कुणाचा मान पहिला, कुणाचं शेत कुठवर, नवसाचं आणि दंडाचं धान्य कुठे साठवायचं, ही सगळी घडी विस्कटत होती. हे ध्यानात घेतलं नाही तर पुढचं सगळं धर्मवेडाचं वाटेल. धर्मवेड होतंच, दोन्हीकडे होतं. पण त्याखाली शेत होतं.

1560 साली गोव्यात इन्क्विझिशन, म्हणजे चर्चचं धर्मन्यायालय, आलं.

सोळा वर्षं आधी

1567. राशोल किल्ल्याचा कप्तान दियोगो रॉड्रिग्ज याने साष्टीतली देवळं पाडायला घेतली. मिशनऱ्यांच्याच नोंदींत आकडा आहे: सुमारे 280. पाडलेल्या देवळांच्या जमिनींचं उत्पन्न चर्चकडे वळलं. गावकऱ्यांनी कर द्यायचं थांबवलं, पुन्हा मांडव उभारून त्यात देव बसवले. फौज आली, तिने जाळलं. फौज गेली, देव परत आले. हा खेळ पाचही गावांत वर्षानुवर्षं चालला.

याच शतकात इंग्लंडच्या नैर्ऋत्य कोपऱ्यात असंच काही घडत होतं. 1548 साली कॉर्नवॉलमधल्या हेल्स्टन गावी विल्यम बॉडी नावाचा राजाचा अधिकारी चर्चमधल्या मूर्ती काढायला गेला, आणि जमावाने त्याला ठार केलं. पुढच्या वर्षी डेव्हनमधल्या सॅम्पफर्ड कोर्टनीच्या लोकांनी नवं इंग्रजी प्रार्थनापुस्तक नाकारून आपल्या धर्मगुरूला जुनी लॅटिन मिस्सा म्हणायला लावली. तिथून उठाव पेटला आणि एक्झेटर शहराला महिनाभर वेढा पडला. शेवटी राजाच्या फौजेने हजारो शेतकरी कापले. तिथे कॅथलिक शेतकरी मूर्ती वाचवायला उठले होते, इथे कॅथलिक पाद्री मूर्ती पाडायला आले होते. पंथाचं नाव बदललं, तरी वरून आलेल्या हुकमाला खालच्या गावाने दिलेलं उत्तर दोन्हीकडे एकच होतं.

अडीच महिने आधी

मे 1583. रुडॉल्फ अक्वाविवा नावाचा तरुण जेझुइट, म्हणजे येशूसंघाचा पाद्री, गोव्यात परतला. इटलीतल्या अत्रीच्या ड्यूकचा मुलगा, वय तेहतीसच्या आत-बाहेर. त्याचा चुलता क्लाउदिओ तेव्हा अख्ख्या जेझुइट संघाचा प्रमुख होता. रुडॉल्फ तीन वर्षं फत्तेपूर सिक्रीत अकबराच्या दरबारी राहून आला होता. तिथे मुल्लांशी त्याचे वाद झाले, बादशहाने ते मन लावून ऐकले आणि कुणाचंच पूर्ण मानलं नाही. तिथे कुणी कुणाचं डोकं फोडलं नाही, हे मात्र नोंदवायला हवं. परतल्यावर त्याच्याकडे साष्टीच्या मिशनची सूत्रं आली.

त्याचे दोन सोबती साष्टीला पुरते ओळखीचे होते. आल्फोन्सो पाशेको स्पॅनिश. पेद्रो बेर्नो आजच्या स्वित्झर्लंडमधल्या आस्कोनाचा. कुंकळ्ळीवर आधी आलेल्या फौजेबरोबर बेर्नो आला होता. त्याने देऊळ उद्ध्वस्त केलं, लोक पूजत ते वारूळ फोडलं आणि गाय मारली. कुंकळ्ळी रक्ताने न्हाल्याशिवाय इथे पीक यायचं नाही, असं तो म्हणायचा, हे त्याच्याच पंथाच्या चरित्रकारांनी कौतुकाने लिहून ठेवलं आहे. गावाने ना वारूळ विसरलं, ना गाय.

सोमवार, सकाळ: ओर्ली

जुन्या गणनेने 15 जुलै, नव्या ग्रेगोरियन गणनेने 25 जुलै. पावसाळा ऐन भरात, शेतात भात दाटलेलं. ओर्लीच्या चर्चमध्ये पाच जेझुइट एकत्र जमतात: अक्वाविवा, पाशेको, बेर्नो, कोइंब्राचा आंतोनियो फ्रान्सिस्को आणि ब्रदर फ्रान्सिस्को आरान्या. सोबत काही ख्रिस्ती मंडळी, गोन्सालो रॉड्रिग्ज नावाचा एक पोर्तुगीज आणि दोन मुलगे. एक दोमिंगो, कुंकळ्ळीचाच. राशोलला शिकणारा हा मुलगा आधीच्या फेऱ्यांत पाद्र्यांना देवळांच्या वाटा दाखवत असे. दुसरा आल्फोन्सो, पाशेकोच्या मिस्सेला मदत करणारा. त्याच्या हातात पाद्रीबाबाचं प्रार्थनापुस्तक.

बेत साधा आहे. कुंकळ्ळीत जायचं, क्रूस उभारायचा, चर्चसाठी जागा निवडायची. या वेळी फौज घेतलेली नाही. एकट्या गोन्सालोकडे बंदूक आहे.

दिवस वर आल्यावर: कुंकळ्ळी

मंडळी गावात पोचतात आणि जागा पाहू लागतात. गावच्या बाजूने हे चित्र कसं दिसतं? ज्याने देऊळ पाडलं तोच माणूस आज हातात मशाल नसताना आलाय आणि जमीन मोजतोय. देऊळ जाळलं तरी जमीन गावाची होती. चर्च उभं राहिलं की जमीनही गेली.

त्यानंतरचा तास

गावकरांची बैठक बसते. फौज नाही, पाचही एका जागी, असा दिवस पुन्हा यायचा नाही. निर्णय झाल्यावर तलवारी, भाले आणि तिरकमठे घेतलेला मोठा जमाव चालून येतो.

गोन्सालो बंदूक रोखतो. पाशेको त्याला अडवतो: आपण लढायला आलेलो नाही. मग जमावाकडे वळून कोकणीत सांगतो, भिऊ नका. त्याचा आवाज त्या गलक्यात कितीजणांनी ऐकला असेल? ज्यांनी ऐकला, त्यांना तरी तो खरा वाटायचं काही कारण होतं का?

पुढची काही मिनिटं

अक्वाविवा पहिला पडतो. तलवारीचे आणि भाल्याचे मिळून पाच घाव. बेर्नोच्या देहाची जी विटंबना होते ती इतर कुणाची होत नाही. वारुळाचा आणि गायीचा हिशेब त्याच्या एकट्याच्या नावावर मांडलेला होता. पाशेको भाला लागल्यावर हात पसरून गुडघे टेकतो. आंतोनियो फ्रान्सिस्को बाणांनी आणि तलवारीने जातो. ब्रदर आरान्या जखमी होऊन उतारावरून घरंगळतो आणि खालच्या दाट भातात दिसेनासा होतो. गोन्सालो आणि चौदा स्थानिक ख्रिस्ती मारले जातात.

त्यांत दोमिंगोही आहे. मिशनऱ्यांची नोंद सांगते, त्याला त्याच्या घरच्याच माणसाने मारलं. वाट दाखवणारं पोर परकं नव्हतं, हेच त्याच्या जिवावर आलं.

दुपार ते दुसरा दिवस

आरान्या भातात सापडतो. त्याला देवासमोर नेतात आणि मान झुकव म्हणतात. तो झुकवत नाही. झाडाला बांधून त्याच्यावर बाण सोडतात. आल्फोन्सो हातातलं पुस्तक सोडत नाही म्हणून त्याचे हात तोडतात, आणि पळून जाऊ नये म्हणून गुडघे कापतात. तो मुलगा रात्रभर जिवंत असतो. दुसऱ्या दिवशी सापडतो तेव्हा त्याला संपवतात.

या उठावाला पहिला स्वातंत्र्यलढा म्हणणारे आज बरेच आहेत, आणि त्यात तथ्यही आहे. पण त्या रात्रीवरून नजर चुकवून ते म्हणता येणार नाही.

पाचही जेझुइटांचे देह विहिरीत टाकले जातात.

अडीच दिवसांनंतर

प्रेतं विहिरीतून काढून राशोलच्या चर्चमध्ये पुरतात. 1597 साली अवशेष गोव्याच्या सेंट पॉल कॉलेजात गेले, 1862 साली जुन्या गोव्याच्या कॅथेड्रलमध्ये. 1893 साली पोप लिओ तेरावा याने पाचही जेझुइटांना धन्य घोषित केलं. सोबत मेलेल्या गोन्सालोला, दोमिंगोला आणि पुस्तक न सोडणाऱ्या आल्फोन्सोला त्या यादीत जागा मिळाली नाही.

बहुतेक पुस्तकं इथे मिटतात. कुंकळ्ळीची आपत्ती मात्र अजून यायचीच आहे.

त्यानंतर: असोळण्याचा किल्ला

फौज येते, गावं उजाड होतात, माणसं रानात पसरतात. पण उठाव करणारे नायक हाती लागत नाहीत. तेव्हा पोर्तुगीज कप्तान गोमिश यानिश द फिगेरेदो निरोप धाडतो: असोळण्याच्या किल्ल्यात बोलणी करायला या.

सोळा नायक जातात. का गेले असतील? पेरलेलं शेत वाऱ्यावर होतं, बायकापोरं रानात होती, आणि बोलावणं बोलण्याचं होतं. गावकीत वाद कितीही टोकाला गेला तरी बैठकीला आलेल्या माणसावर हात टाकायचा नाही, ही त्यांची रीत असावी. समोरच्याचीही तीच असेल असं त्यांनी धरलं. त्या सोमवारी आपल्या गावात बिनफौजेच्या माणसांवर आपणच हत्यार उचललं होतं, हे त्यांच्या मनात आलं नसेल असं मला वाटत नाही. तरी ते गेले.

आत गेल्यावर दारं बंद होतात. चौकशी नाही, खटला नाही. पंधराजण मारले जातात. सोळावा संडासाच्या भोकातून खाली नदीत उडी टाकतो आणि पोहत निसटतो. त्या किल्ल्यातून जिवंत बाहेर आलेला तो एकटा.

नंतर

पाच गावांची जमीन गावकरांच्या हातून काढून घेतली गेली. कुंकळ्ळी आणि वेरोडा एका पोर्तुगीज सरदार घराण्याकडे, पुढच्या फ्रोंतेयराच्या मार्किसांकडे. असोळणा, वेळ्ळी आणि आंबेली शेवटी जेझुइटांच्याच ताब्यात गेली आणि त्यांची हकालपट्टी होईपर्यंत, म्हणजे 1759 पर्यंत, तिथेच राहिली. गावाने कर थकवणं आणि कज्जे लढणं सोडलं नाही. देवी मात्र वेळेत बाहेर पडली होती. पोर्तुगीज हद्दीपलीकडे फातर्प्याला तिने ठाण मांडलं.

कुंकळ्ळीत पाच जेझुइटांची स्मृती जपणारं चॅपेल आहे. नायकांचं स्मारक उभं राहायला 2003 साल उजाडलं, म्हणजे चारशे वीस वर्षं गेली. दोन्ही जागा एकाच गावात आहेत. गेलात तर दोन्ही पाहा, एकच पाहून परतू नका.

आणि शक्य असेल तर शिमग्यात जा. वर्षातून एकदा देवीची पालखी फातर्प्याहून कुंकळ्ळीला येते. तिच्यासोबत बारा छत्र्या नाचत येतात, बारा वांगडांच्या बारा, आणि गुलालाने रस्ता लाल होतो. गावातल्या ख्रिस्ती गावकरांनाही या उत्सवात मान आहे, कारण वांगडं त्यांचीही तीच बारा.