साहेबमामा फत्तेलाल : देहू उभारणारा कारागीर



बेळगावाहून कोल्हापूरकडे निघालो की निपाणीनंतर कागल लागते. त्या कागलात १८८६ साली शेख फत्तेलाल यांचा जन्म झाला. चित्रसृष्टी त्यांना साहेबमामा म्हणत असे. मराठीचा एक निवृत्त प्राध्यापक चित्रपटाच्या कलादिग्दर्शकाविषयी का बोलतो, असा प्रश्न आपल्या मनात येईल. तीस वर्षांहून अधिक काळ मी तुकोबांची गाथा शिकविली. तुकोबांच्या घराविषयी विचारले की विद्यार्थी मातीच्या भिंती, अंगण, दारची म्हैस असे सारे डोळ्यांपुढे असल्यासारखे सांगत. त्या घराचे असे सलग वर्णन गाथेत मला कोठे आढळले नाही. ते घर १९३६ साली पुण्याच्या प्रभात स्टुडिओत उभे राहिले, आणि ते फत्तेलालांच्या नजरेतून उतरले होते.

त्यांची घडण कोल्हापुरात, बाबूराव पेंटरांच्या हाताखाली झाली. १९१७ साली स्थापन झालेली महाराष्ट्र फिल्म कंपनी ही खऱ्या अर्थाने कारखाना-शाळा होती. तेथे कॅमेराही घरीच तयार झाला आणि त्यावर १९२० चा 'सैरंध्री' चित्रित झाला. नाटकाप्रमाणे रंगविलेला पडदा मागे सोडण्याऐवजी खोली असलेले, उभारलेले देखावे वापरण्याची दृष्टी बाबूरावांची. चित्रकला, सुतारकाम, छायालेखन यांत तेथे भिंती नव्हत्या. विष्णुपंत दामले आणि फत्तेलाल यांची जोडी येथेच जमली. १९२८ चा 'महारथी कर्ण' त्या दोघांनी दिग्दर्शित केला.

१ जून १९२९ रोजी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी निघाली. शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी हे तिचे पाच भागीदार. चरित्रकार ही नावे एका दमात सांगून पुढे जातात. माझ्या मते येथे थोडे थांबावयास हवे. फत्तेलाल हे पगारी नेपथ्यकार नव्हते, मालकांपैकी एक होते. देखाव्यासाठी लाकूड, कापड, मजुरी यांवर किती खर्च करावयाचा, या प्रश्नाला त्यांच्या शब्दाचे वजन होते. इतरत्र कलाविभाग हुकमाची वाट पाहत असेल. प्रभातमध्ये तो निर्णय घेणाऱ्यांच्या पंक्तीस बसला होता. १९३३ साली कंपनी पुण्यास आली. 'अमृतमंथन'मधील भव्य, भयकारी वातावरण आणि 'माणूस'मधील भिजलेली, कोंदट गल्ली ही दोन टोके पाहिली म्हणजे त्यांच्या हाताची झेप लक्षात येते.

तरी माझा ओढा 'संत तुकाराम'कडेच आहे. दिग्दर्शनावर दामले आणि फत्तेलाल अशी दोघांची नावे आहेत. विष्णुपंत पागनीस तुकाराम झाले आणि गौरी जिजाई. जिजाईच्या तोंडाळ, कष्टाळू, भुकेल्या संसाराला साजेल इतकेच तिचे घर आहे. त्यात शोभेसाठी मांडलेली एकही वस्तू मला दिसत नाही. अखेरीस तुकोबांना न्यावयास वैकुंठाचे विमान येते. त्या आधी तासभर आपण मातीच्या घरात राहिलेलो असतो, म्हणूनच ते विमान आपल्याला परके वाटत नाही. मुंबईत हा चित्रपट वर्षाहून अधिक काळ चालला आणि १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. पुढे 'गोपालकृष्ण' (१९३८) आणि 'संत ज्ञानेश्वर' (१९४०) हेही याच जोडीने दिले.

येथे एक गोष्ट मोकळेपणाने बोलतो. वारकऱ्यांच्या डोळ्यांतील देहू एका मुसलमान कारागिराने उभारले, हे सांगताना काहींचा आवाज खाली जातो, तर काही जण त्याचे ढोल बडवितात. दोन्ही मला रुचत नाही. कागल-कोल्हापूरच्या त्या पिढीत पेंटर, मिस्त्री, शेख हे एकाच पाटावर बसून काम शिकत होते, आणि कीर्तन कोणाच्याही कानाला परके नव्हते. देवळाचा खांब कसा असतो, हे त्या मातीतल्या कारागिराला कोणी शिकवावे लागत नव्हते.

१९४२ साली शांताराम प्रभातमधून बाहेर पडले. १९४५ साली दामले वारले. त्यानंतर ती घडी पुन्हा पूर्ववत बसली नाही, आणि पुढील दशकात प्रभातचे दिवे मालवले. फत्तेलालांनी १९५५ साली 'जगद्गुरु शंकराचार्य' हा चित्रपट दिग्दर्शित केला. १९६० साली प्रभातच्या जागेत भारत सरकारची फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली, आणि ती पाहण्यास साहेबमामा हयात होते. त्यांचे निधन १९६४ साली झाले. त्या आवारात आज कलादिग्दर्शन हा रीतसर अभ्यासक्रम आहे. प्रभातच्या वेळची चित्रीकरणाची दालने तेथे अजून उभी आहेत, आणि मुले त्यांत देखावे उभारतात.