छडी हातात, कान समोर

बर्लिन, १९३८

आत या. पियानोपुढच्या बाकावर दोघं बसलेत: पेशाने वकील असलेले वडील आणि शेजारी नऊ वर्षांचा आंद्रेआस लुडविग प्रिविन. एकाच पियानोवर चार हात चाललेत. सिंफनी घरच्या घरी ऐकायची तर हा जुना मार्ग, अख्ख्या वाद्यवृंदाचा ऐवज दोघांनी वाटून घ्यायचा. तुमचं लक्ष बोटांकडे जाईल, पण मुलाकडे बघा. डोळे स्वतःच्या पानावर आहेत आणि कान वडिलांच्या हातांवर. अशा वादनात एकजण अडखळला म्हणून दुसऱ्याला थांबता येत नाही, त्याला सांभाळून घेत पुढे जावं लागतं. मुलाचं खरं शिक्षण हेच चाललंय आणि दोघांनाही त्याचा पत्ता नाही.

याच वर्षी संगीत विद्यालय त्याला ज्यू म्हणून दाराबाहेर काढतं. कुटुंब घरदार मागे टाकून पॅरिसला निघतं आणि तिथून पुढे कॅलिफोर्नियात पोचतं. तिथे वडिलांचे एक नातलग, चार्ल्स प्रेव्हिन, युनिव्हर्सल स्टुडिओत संगीत विभागाचे प्रमुख आहेत. वडिलांची वकिली बर्लिनमध्येच राहिली. इथे ते पियानोच्या शिकवण्या घेतात, आणि मुलाचं नाव होतं आंद्रे प्रेव्हिन.

कल्व्हर सिटी, १९४६

एमजीएम स्टुडिओच्या संगीत विभागात जरा दबकत शिरा. भिंतीवर एक फर्मान लावलंय. आयर्व्हिंग थालबर्ग हा इथला जुना बडा निर्माता. कुठल्यातरी चित्रपटातलं संगीत त्याला आवडलं नाही. कारण विचारलं तेव्हा कुणीतरी ‘मायनर कॉर्ड’, म्हणजे उदास छटेचा स्वरमेळ, असं सांगितलं. झालं, यापुढे आपल्या चित्रपटात मायनर कॉर्ड वापरायची नाही, असा लेखी हुकूम सुटला. थालबर्ग जाऊन दहा वर्षं झाली, तरी कागद जागेवर आहे. प्रेव्हिन पुढे हॉलिवूडच्या आठवणी लिहील तेव्हा पुस्तकाचं नावच ‘नो मायनर कॉर्ड्स’ ठेवील.

तो बघा, शाळा नुकतीच संपलेला सतरा वर्षांचा पोरगा. याआधी एका थिएटरात तो मूकपटांना पियानोची साथ करत होता. ग्रिफिथचा ‘इनटॉलरन्स’ चालू होता. हा चित्रपट चार वेगवेगळ्या काळांत उड्या मारतो. पोरगा वाजवण्यात रमला, वर बघायचं राहिलं, आणि पडद्यावर येशूला क्रुसावर चढवत असताना खाली नाचाची उडती चाल वाजत राहिली. नोकरी गेली. हा किस्सा तो स्वतःच रंगवून सांगतो. वर बघायला मात्र त्यानंतर तो विसरला नसावा.

इथे त्याचं काम म्हणजे पडेल ते. दुसऱ्याच्या चालीवर वाद्यमेळ लिहायचा, पियानो वाजवायचा, तालमी घ्यायच्या. १९४९ मध्ये त्याला पहिलं स्वतंत्र पार्श्वसंगीत मिळतं, तेही लॅसी या कुत्रीच्या चित्रपटाचं. हसू नका. संगीत विद्यालयातल्या मुलाने लिहिलेलं वाजायला वर्ष वर्ष जातं. इथे कागदावरची शाई वाळते न वाळते तोच ते उत्तम वादकांच्या हातून ऐकायला मिळतं आणि आपलं कुठे चुकलं ते लगेच कळतं.

सॅन फ्रान्सिस्को, १९५१

प्रेव्हिन लष्करी गणवेशात आहे. सक्तीची सैन्यभरती. पण याच शहरात पिएर माँतो आहेत, १९१३ साली पॅरिसमध्ये स्त्राविन्स्कीच्या ‘राइट ऑफ स्प्रिंग’च्या पहिल्या प्रयोगाला लोकांनी गोंधळ घातला तरी शेवटपर्यंत ठोका न सोडलेले कंडक्टर. त्यांच्याकडे प्रेव्हिन छडी धरायला शिकतो.

माँतोंची एक शिकवण तो जन्मभर सांगणार आहे. प्रेव्हिनने हायडनची एक सिंफनी चालवली आणि गुरुजी ऐकायला बसले होते. शेवटच्या भागात वादक छान वाजवत होते असं तुला वाटलं का, असं त्यांनी नंतर विचारलं. शिष्य खुशीने हो म्हणाला. मलाही तसंच वाटलं, माँतो म्हणाले, तर मग पुढच्या वेळी त्यांच्या मध्ये येऊ नकोस.

बरबँक, वॉर्नर ब्रदर्सचा स्टुडिओ

आता जरा निवांत बसा. प्रेव्हिन गणवेश उतरवून परत सिनेमात आलाय. ‘माय फेअर लेडी’ या चित्रपटाचं काम चाललंय, त्याच ‘पिग्मॅलियन’ नाटकावरचं, ज्याच्यावरून पु. ल. १९७५ मध्ये आपली ‘ती फुलराणी’ उभी करतील.

सिनेमातल्या गाण्याची रीत तुम्हाला ठाऊक आहे. आधी ध्वनिमुद्रण होतं, मग नट त्यावर ओठ हलवतो. ऑड्री हेपबर्नच्या बाबतीत बहुतेक तसंच झालंय, फक्त आवाज मार्नी निक्सनचा आहे. पण प्रोफेसर हिगिन्स झालेला रेक्स हॅरिसन अडून बसला. तो गातो कमी आणि सुरावर बोलतो जास्त. एक शब्द लांबवतो, दुसरा गिळतो, आणि दर खेपेला वेगळं. ठरलेल्या मुद्रणावर ओठ हलवायला तो साफ नकार देतो. शेवटी त्याच्या टायमध्ये बिनतारी मायक्रोफोन लपवतात आणि तो कॅमेऱ्यासमोर प्रत्यक्ष गातो. त्या मायक्रोफोनवर मधूनच बाहेरचं कुणाचंतरी बोलणंही येतं, ते वेगळंच.

नट मोकळा झाला, आता ओझं प्रेव्हिनच्या अंगावर. गाणं आधीच होऊन गेलंय आणि त्याच्याखाली वाद्यवृंद नंतर घालायचाय. प्रेव्हिनच्या कानांवर हेडफोन आहेत, समोर वादक, वादकांच्या मागे पडदा. नेहमीच्या पार्श्वसंगीताला थोडा आधार तरी असतो. फिल्मवर ओढलेली तिरकी रेघ पडद्यावर सरकत येते आणि नेमक्या क्षणी पांढरा ठिपका चमकतो, किंवा कानात ठोके टकटकत राहतात. हॅरिसनच्या बोलण्याला ठोका कुठला लावणार? हा माणूस पुढचा शब्द केव्हा टाकील, ते त्याच्या आधीच्या श्वासावरून ओळखायचं आणि सगळ्या वादकांना त्याच क्षणी आत घ्यायचं.

कीर्तनात पेटीवाला बुवांच्या तोंडाकडे बघत बसतो, तसाच हा, फक्त याच्या हाताखाली सबंध ऑर्केस्ट्रा आहे आणि बुवा केव्हाच घरी गेलेत.

या कामासाठी त्याला ऑस्कर मिळतं. ‘जीजी’, ‘पोर्गी अँड बेस’ आणि ‘इर्मा ला दूस’ धरून हे चौथं. आपल्याकडेही हेच काम करणारे लोक आहेत. शंकर-जयकिशनच्या गाण्यांचा वाद्यमेळ बांधणारे गोव्याचे सेबॅस्टियन डिसूझा ध्वनिमुद्रणात वादकांसमोर उभे असतात, पण पडद्यावरच्या ठळक नावांत ते सहसा सापडत नाहीत. प्रेव्हिनचं नाव दिसतं, पण त्याला नाव पुरेसं वाटत नाही. हॉलिवूड सोडून तो सिंफनीच्या जगात जातो, १९६७ मध्ये ह्यूस्टनला आणि पुढच्याच वर्षी लंडन सिंफनी ऑर्केस्ट्राचा प्रमुख कंडक्टर म्हणून लंडनला. टीकाकार तोवर एक शिक्का तयार ठेवतात: सिनेमावाला.

लंडन, २८ जानेवारी १९७१

रॉयल फेस्टिव्हल हॉल. तुमची जागा पुढच्या रांगेत आहे. लंडन सिंफनी १९०४ पासून वादकांच्याच मालकीची आहे, कुणाच्या छडीखाली वाजवायचं ते हे लोक स्वतः ठरवतात. आज त्यांच्यासमोर पंडित रविशंकर सतार घेऊन बसलेत. या ऑर्केस्ट्राने त्यांच्याकडून सतारीसाठी कन्चेर्टो लिहून घेतलाय. भाग चार: खमाज, सिंध भैरवी, अडाणा, मांज खमाज.

तुमच्या आजूबाजूचे श्रोते हार्मनीची वाट बघतायत. ती इथे फारशी येणार नाही. रविशंकरांनी ती मुद्दामच टाळली आहे, नाहीतर रागाचा चेहरा झाकला जातो. तबलाही नाही, त्याच्या जागी ऑर्केस्ट्रातला एक वादक बोंगो घेऊन बसलाय. तुमची बोटं आपसूक मांडीवर मात्रा मोजू लागतील.

एकदा अडाण्यात सतारीकडे न बघता छडीकडे बघा. सतार एकटी पुढे जाते, तेव्हा प्रेव्हिनचा हात खाली आहे आणि मान वळलेली. ऑर्केस्ट्राच्या वादकांना रागाचं चलन ठाऊक नाही. त्यांच्यापुढे लिहिलेले सूर आहेत आणि मध्ये कोऱ्या जागा. त्या जागा संपल्या हे त्यांना फक्त याच्या हातावरून कळणार. सतारीची स्वरावली फिरून समेच्या अंगाने यायला लागते तसा तो हात वर जातो, आणि सम व व्हायोलिनं एकदम पडतात. तुमच्या शेजारचा इंग्रज गृहस्थ म्हणेल, कंडक्टरला आज विशेष काम नव्हतं. त्याच्याशी वाद घालू नका. रेक्स हॅरिसनच्या श्वासावर ऑर्केस्ट्रा बसवलेल्या माणसाला सतारीची आस ऐकणं अवघड नव्हतं, पण हे त्या गृहस्थाला पटणार नाही.

लंडन, नाताळ १९७१

घरोघरी टीव्हीवर मोरकम आणि वाइज या विनोदी जोडीचा नाताळचा कार्यक्रम चालू आहे. पाहुणा प्रेव्हिन, त्याची ओळख करून देताना नाव होतं ‘अँड्र्यू प्रिव्ह्यू’. संवाद त्याने विमानतळावरून येताना टॅक्सीत टॉर्चच्या उजेडात पाठ केलेत. एरिक मोरकम ग्रीगचा पियानो कन्चेर्टो वाजवणार आहे. प्रेव्हिन गंभीरपणे म्हणतो, थांबा, मी माझी छडी घेऊन येतो. एक क्षण जाऊ देतो. मग सांगतो की छडी शिकागोत आहे.

तो मधला क्षण बघितलात? मोरकमचा चेहरा तिथेच खुलतो, हा गडी आपल्यातला आहे हे त्याला कळतं. पुढे मोरकम भलतंच काहीतरी वाजवतो, आणि चूक काढली म्हणून प्रेव्हिनचीच कॉलर धरून सांगतो की सूर सगळे बरोबर आहेत, क्रमाचं तेवढं बघायचं राहिलं. विनोद सगळा मोरकमचा, पण तो फुलतो प्रेव्हिनच्या न हसणाऱ्या चेहऱ्यावर. लंडनचे टॅक्सीवाले या माणसाला नंतर कित्येक वर्षं ‘मिस्टर प्रिव्ह्यू’ अशीच हाक मारणार आहेत. गंमत टीव्हीपुरती; रॅखमनिनॉव्हची दुसरी सिंफनी, जी बरेच कंडक्टर कापून वाजवत, ती अखंड ध्वनिमुद्रित करणाराही हाच.

लंडन, १ जुलै १९७७

पुन्हा फेस्टिव्हल हॉल, पण आज नाटक आहे. ऑर्केस्ट्रा नेहमीसारखा मंचापुढच्या खड्ड्यात नसून मंचभर पसरलाय, आणि नटांना उरलेत तीन छोटे तुकडे: कोठडी, डॉक्टरची खोली, शाळेचा वर्ग. कल्पना प्रेव्हिनची. त्यानेच टॉम स्टॉपार्डला म्हटलं होतं, सबंध ऑर्केस्ट्राची गरज पडेल असं नाटक लिही. स्टॉपार्डने ‘एव्हरी गुड बॉय डिझर्व्ह्ज फेव्हर’ लिहिलं, त्याचं संगीत प्रेव्हिनचं, दिग्दर्शक ट्रेव्हर नन.

सोव्हिएत मनोरुग्णालयातल्या एका कोठडीत दोघे आहेत. इयन मकेलन झालाय राजकीय कैदी, शहाण्या माणसांना वेड्यांच्या इस्पितळात टाकतात हे बोलला म्हणून स्वतः आत टाकलेला. दुसरा, जॉन वुड, खरोखरच वेडा आहे. आपल्याजवळ ऑर्केस्ट्रा आहे असं त्याला वाटतं आणि हातात ट्रँगल घेऊन तो त्यात वाजवतो. मंचावर बसलेले हे वादक म्हणजे त्याच्या डोक्यातला ऑर्केस्ट्रा. पॅट्रिक स्ट्युअर्टचा डॉक्टर तर व्हायोलिनवाल्यांतूनच उठून येतो.

आता प्रेव्हिनची पंचाईत बघा. वेड्याला संगीत ऐकू येतं तेव्हा ते आपल्याला ऐकू आलं पाहिजे, आणि कैदी बोलू लागला की ऑर्केस्ट्रा नसल्यासारखा झाला पाहिजे. इथे पडद्यावरचा ठिपका नाही, समेची वाट नाही. नट एखाद्या रात्री वाक्य लांबवील, प्रेक्षक हसले तर थांबेल. छडी त्या शब्दावर टांगलेली आहे. एक वाद्य अर्धा सेकंद जास्त वाजलं तर कैद्याचं दुःख हास्यास्पद होईल. सिनेमाने आणि सतारीने शिकवलेलं सगळं या मंचावर एकदम लागतं.

सॅन फ्रान्सिस्को, १९ सप्टेंबर १९९८

वॉर मेमोरियल ऑपेरा हाउस. टेनेसी विल्यम्सच्या ‘अ स्ट्रीटकार नेम्ड डिझायर’वरच्या नव्या ऑपेराची पहिली रात्र. पिट्सबर्ग आणि लॉस एंजेलिसच्या ऑर्केस्ट्रांची वर्षं मागे पडलीत. एकोणसत्तर वर्षांचा प्रेव्हिन मंचापुढच्या खड्ड्यात उभा आहे, आणि आज प्रत्येक सूर त्याचा स्वतःचा आहे. मालकी गाजवायची तर आजच.

रेने फ्लेमिंग नायिका ब्लांश झाली आहे. ती एका स्वरावर जराशी जास्त रेंगाळते. छडी थांबते, सबंध ऑर्केस्ट्रा तिच्याबरोबर थांबतो, आणि ती श्वास घेते तेव्हाच पुढे निघतो. स्वतःच्या संगीताच्याही मध्ये तो येत नाही.

काही टीकाकारांना या संगीतात पुन्हा सिनेमा ऐकू येईल, आणि तो शिक्का पुन्हा बाहेर निघेल. त्यांचं ऐकणं बरोबरच आहे. पडद्यावरचा चेहरा, टायमधला माइक, सतारीची तान, कोठडीतला कैदी, या सगळ्यांच्या मागून चालत हा माणूस इथवर आलाय. समोर कुणी गाऊ लागलं, बोलू लागलं की आपण मागे सरून त्याला जागा कशी द्यायची, हे तो सिनेमातच शिकला. शुद्ध सिंफनीवाल्यांना जो कमीपणा वाटला, त्याच्यावरच तो पन्नास वर्षं उभा होता.