बोळिंजच्या वाडीतला लोपो

विरार स्टेशनवरून आगाशीच्या रस्त्याला लागलं की बोळिंज येतं. म्हाडाच्या उंच इमारती उभ्या राहिल्यापासून इथल्या दारांवर देशभरातली आडनावं दिसू लागली आहेत. नंदाखालच्या दिशेने आत शिरलं, केळीच्या बागा आणि विहिरी सुरू झाल्या, की फाटकांवर जुन्या पाट्या भेटतात: राऊत, म्हात्रे, पाटील, आणि त्यांच्या शेजारी लोपीस, परेरा, मच्याडो, रॉड्रिग्ज, घोन्सालविस. आतली माणसं वाडवळी नाहीतर कादोडी बोलतात आणि पावसाला उशीर झाला की एकाच सुरात कुरकुरतात.

यातल्या लोपीसपासून सुरुवात करू. लॅटिनमध्ये लांडग्याला ‘लुपुस’ म्हणत. त्यावरून मध्ययुगीन पोर्तुगालमध्ये ‘लोपो’ हे पुरुषाचं नाव झालं आणि लोपोच्या मुलाला ‘लोपीश’ म्हणू लागले. शेवटचा ‘एस’ म्हणजे आपल्याकडच्या मधल्या नावाचं काम: बाप कोण ते सांगणं. रॉड्रिग्ज म्हणजे रॉड्रिगोचा मुलगा, घोन्सालविस म्हणजे गोन्सालोचा. तेव्हा ही नावं पिढीगणिक बदलत. पेद्रोचा मुलगा पिरीश, त्याचा मुलगा आणखी कुणी. पुढे ती गोठली आणि आडनावं झाली. आइसलँडमध्ये ती अजून गोठलेली नाहीत. तिथे बापाच्या नावाला ‘सोन’ किंवा ‘दोत्तिर’ जोडून प्रत्येक पिढीचं नवं नाव बनतं.

म्हणजे इनास मनवेल लोपीस अशी सही करणारा वसईचा बागायतदार असेल, तर त्याच्या सहीत दोन बाप आहेत. एक मनवेल, ज्याने त्याला वाढवलं. दुसरा आठेकशे वर्षांपूर्वीचा कुणी लोपो, ज्याच्याशी त्याचं रक्ताचं नातं असण्याची शक्यता जवळपास शून्य. कुळाच्या दृष्टीने हा लोपो परकाच, तरी सातबाऱ्यावर त्याचंच नाव चढलेलं आहे.

रॉड्रिगो हा तर त्याहून लांबचा पाहुणा. हे नाव जर्मानिक टोळ्यांचं. त्यात ‘कीर्ती’ आणि ‘सत्ता’ असे दोन शब्द आहेत, म्हणजे आपला यशराज म्हणा. 711 साली उत्तर आफ्रिकेतून आलेल्या मुस्लिम फौजेपुढे हरलेला स्पेनचा विसिगॉथ राजा याच नावाचा होता. त्या फौजेमागून आलेली अरबीही आडनावांत शिरली. अल्मेडा हे पोर्तुगालमधल्या सरहद्दीवरच्या एका गावाचं नाव, आणि ते अरबी ‘अल-माइदा’, म्हणजे मेज, यावरून आल्याचं मानतात. बाकीची आडनावं मातीतली आहेत. परेरा म्हणजे नासपतीचं झाड, कार्व्हालो म्हणजे ओक, मच्याडो म्हणजे कुऱ्हाड. मराठीत लांडगे आणि कुऱ्हाडे आहेतच. लोपीस आणि मच्याडो यांनी त्यांच्याशी सोयरीक सांगायला हरकत नाही. डिब्रिटो आणि डिमेलो यांच्या आरंभीचा ‘डि’ हा आपल्या ‘कर’चा भाऊ: ब्रिटो गावचा तो डिब्रिटो. ‘दे आब्रेऊ’ या नावाचं वसईच्या जिभेवर घासून घासून डाबरे झालं असं मानलं जातं. आता ते इतकं मराठी वाटतं की घाटावर कुणी त्याचं मूळ विचारतही नाही.

ही आडनावं इथे आली कशी? डिसेंबर 1534 मध्ये गुजरातच्या बहादूरशहाने तहात वसई पोर्तुगीजांना दिली. मागोमाग फ्रान्सिस्कन आणि येशूसंघीय धर्मगुरू आले. ख्रिस्ती होताना, स्नानसंस्काराच्या वेळी, माणसाला नवं नाव मिळे आणि त्यासोबत आडनावही. ते बहुधा धर्मपित्याचं, म्हणजे संस्काराला साक्षीदार म्हणून उभ्या राहणाऱ्याचं असे, नाहीतर संस्कार करणाऱ्या पाद्रीचं. धर्मपिता पोर्तुगीज अधिकारी किंवा जमीनदार असला की त्याचं आडनाव एका दमात कितीतरी घरांना लागे. ट्रेंटच्या धर्मसभेने 1563 मध्ये धर्मपित्यांची संख्या एक-दोनवर आणली आणि त्यांची नावं चर्चच्या वहीत लिहायला लावली. वहीत उतरलेलं नाव पुढे पुसलं जात नाही. कारकुनी कामाची ही ताकद राजवटीहून मोठी असते. मे 1739 मध्ये चिमाजी अप्पांनी वसईचा किल्ला घेतला, पोर्तुगीज गेले, आडनावं राहिली.

एकेका आडनावाची इतकी घरं झाल्यावर त्याचा गावात उपयोगच उरला नाही. परक्याने येऊन ‘परेरांचं घर कुठलं’ विचारलं तर समोरचा हसतो आणि उलट विचारतो, ‘कुठला परेरा?’ मग आजोबाचं नाव, जुना धंदा, विहीर, झाड, एखादी खोड, अशी खरी ओळख सुरू होते. सरकारदरबारी एक नाव आणि आळीत दुसरं. घराण्याची आठवण या दुसऱ्या नावात राहते, आणि ते कुठल्याच कागदावर नसतं.

शेजारच्या हिंदू वाडवळांच्या पाट्या तरी रक्ताचं नातं सांगतात का? राऊत म्हणजे ‘राजपुत्र’ या शब्दाचं झिजलेलं रूप, पुढे घोडेस्वाराला लागलेलं. म्हात्रे हा ‘महत्तर’, गावचा वडीलधारा. पाटील म्हणजे ‘पट्टकिल’. ही हुद्द्यांची नावं. कुणा राजाने काम दिलं, त्या कामाचं नाव वंशाला चिकटलं. इतिहासकार राजवाड्यांनी 1924 मध्ये छापलेल्या ‘महिकावतीच्या बखरी’त उत्तर कोकणात आलेल्या कुळांच्या आणि वतनांच्या हकिगती आहेत. ती वाचताना जाणवतं की वतन मिळवणं आणि नाव मिळवणं ही एकच गोष्ट होती. राजाने दिलेला हुद्दा आणि धर्मपित्याने दिलेलं आडनाव यांत मला फारसा फरक दिसत नाही. दोन्ही वरून खाली आली.

उलट दिशेचा प्रवासही याच पट्ट्याने पाहिला आहे. बोळिंजपासून हाकेच्या अंतरावरचं सोपारा दोन हजार वर्षांपूर्वी भरभराटीचं बंदर होतं. तिथल्या सातिमित नावाच्या एका पठण करणाऱ्या भिक्खूने कार्ल्याच्या चैत्यगृहात खांब दान केला, तो लेख आजही तिथे आहे. सातिमित म्हणजे स्वातिमित्र, नक्षत्रावरून ठेवलेलं नाव. त्याच चैत्यात धेनुकाकट या गावच्या यवनांनी, म्हणजे ग्रीकांनी, दिलेले खांब आहेत आणि त्यांतल्या एका यवनाचं नाव आहे सिहधय, म्हणजे सिंहध्वज. समुद्रापलीकडून आलेल्या त्या माणसाने किंवा त्याच्या बापाने इथलं नाव घेतलं, तेही कुठल्याही किल्लेदाराने न सांगता. पंधराशे वर्षांनी इथल्या शेतकऱ्याला समुद्रापलीकडचं नाव मिळालं.

मिळालेलं नावही माणसं जसंच्या तसं वापरत नाहीत. सेबास्तिआंवचा बस्त्याव झाला, मानुएलचा मनवेल, इग्नासियोचा इनास. ही नावं हाक मारायला सोपी, शिवी द्यायला त्याहून सोपी. संतांच्या नावांचा आग्रह मात्र पक्का होता. 1917 च्या चर्चच्या कायद्यानुसार आईबापांनी ख्रिस्ती नाव दिलंच नाही, तर धर्मगुरूने आपल्याकडून एखाद्या संताचं नाव जोडून दोन्ही नावं वहीत लिहायची असत. त्यामुळे घरात एक आणि वहीत एक अशी दोन नावं वागवणारी पिढी होती. 1983 च्या कायद्याने ही अट सैल केली. नाव ख्रिस्ती भावनेला परकं नसावं, एवढंच उरलं. तोवर व्हॅटिकनच्या दुसऱ्या धर्मसभेनंतर चर्चमधली उपासना, मिस्सा, मराठीत आली होती. संदीप लोपीस, स्वाती परेरा ही नावं आता कुणाला अडखळायला लावत नाहीत, निदान वसईत तरी.

वसईबाहेर अजून अडखळायला होतं. नंदाखालला जन्मलेले फादर फ्रान्सिस दिब्रिटो जानेवारी 2020 मध्ये उस्मानाबादच्या 93 व्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले, तेव्हा काहींनी विरोध केला. ‘सुबोध बायबल’ लिहिणाऱ्या आणि आयुष्यभर मराठीत लिहीत आलेल्या माणसाच्या मराठीपणाचीही तेव्हा चर्चा झाली. स्वातीनक्षत्राच्या नावाच्या भिक्खूचं बंदर आणि यवन सिंहध्वजाचा खांब त्या चर्चेत कुणाला आठवले नसावेत.

2024 मध्ये महाराष्ट्र सरकारने कागदपत्रांत आईचं नाव आणलं. आता क्रम असा: मुलाचं, आईचं, वडिलांचं, मग आडनाव. समजा, बोळिंजमध्ये जन्मलेल्या एखाद्या मुलीच्या दाखल्यावर लिहिलं असेल ‘स्वरा रेश्मा संदीप लोपीस’. पहिला शब्द संस्कृत, दुसरा फारसी, तिसरा पुन्हा संस्कृत, चौथा लॅटिन. आईचा रकाना नवा आहे. लोपोचा जुनाच, शेवटचा, आणि तो भरल्याशिवाय अर्ज पुढे सरकत नाही.